गाणी पोचली, शेवट राहिला

आमच्या गल्लीत सगळे ज्यांना 'मामी' म्हणतात, त्या मूळच्या चेन्नईच्या. म्हणजे त्यांच्या भाषेत अजूनही 'मद्रास'च्या! यजमान बँकेत. बदली होऊन आमच्या तालुक्याच्या गावी आले आणि इथंच रमले. वीस वर्षांत मामींचं मराठी छान झालंय, फक्त तो-ती-ते काही त्यांना वश झालेलं नाही. "ताई, आज तो आमटी फार चांगला झाला," असं म्हणाल्या की पोरं हसतात आणि मामी स्वतःही हसतात.

या उन्हाळ्यात आमच्या गच्चीवर माझ्या कुरडया आणि मामींचे तांदळाचे वडाम शेजारी शेजारी वाळत होते. कावळे हाकलता हाकलता मामी काहीतरी गुणगुणत होत्या. मी कान टवकारले. "मामी, हे 'मुस्तफा मुस्तफा' ना?"

मामी चकितच झाल्या. "ताई, तुम्हाला कसा माहीत?"

माहीत म्हणजे काय! बारावीच्या वर्षी हे गाणं आमच्या कानाशी अष्टौप्रहर होतं. हिंदीतून आलेलं. एसटी स्टँडसमोरच्या कॅसेटच्या दुकानात, कॉलेजच्या गॅदरिंगमध्ये, वर्गातल्या मुलांच्या तोंडी. मैत्रीचं गाणं, एवढंच आम्हाला कळत होतं. ते कुठल्या सिनेमातलं, त्या सिनेमाची गोष्ट काय, हे मात्र आमच्यापैकी कुणालाच ठाऊक नव्हतं. तो सिनेमा आमच्या टॉकीजला कधी लागलाच नाही. लागला असता तरी आम्हा मुलींना कोण पाठवणार होतं म्हणा!

मामींनी तिथंच, उन्हात बसून, पदरानं घाम पुसत गोष्ट सांगायला सुरुवात केली. सिनेमाचं नाव 'कादल देसम'. कादल म्हणजे प्रेम, देसम म्हणजे देश. प्रेमाचा देश. १९९६ साली आला. दिग्दर्शक कदिर, संगीत ए. आर. रहमानचं, आणि 'मुस्तफा' रहमाननं स्वतःच्याच आवाजात गायलेलं. हिंदीत तो 'दुनिया दिलवालों की' या नावानं आला होता. नायिका कोण माहितीये? आपली तब्बू!

तब्बू म्हटल्यावर माझ्यातली गृहिणी आणि माझ्यातली कार्यकर्ती दोघीही जाग्या झाल्या. आम्ही शनिवारी दुपारी गावातल्या दहावी ते पंधरावीच्या मुलींचा एक गट चालवतो. कधी डॉक्टरबाई येतात, कधी वकीलबाई, कधी नुसत्याच गप्पा. म्हटलं, या शनिवारी मुलींना सिनेमाच दाखवू. मामींच्या लेकानं तो टीव्हीवर लावून दिला. भाषा तमिळ, खाली इंग्रजी अक्षरं, आणि ती वाचून होण्याआधीच पळायची. मग मामी रिमोट हातात घेऊन बसल्या. जरा वेळानं थांबवायचं, सांगायचं, पुन्हा सुरू. तीन तासांचा सिनेमा आम्ही दोन शनिवार पुरवला!

गोष्ट म्हटली तर साधी. चेन्नईतली दोन कॉलेजं, पचैयप्पा आणि लोयोला. दोन्ही खरीखुरी. पचैयप्पाची शिक्षणसंस्था १८४२ची, पचैयप्पा मुदलियार नावाच्या दानशूर गृहस्थाच्या देणगीतून उभी राहिलेली. गरिबाघरची, घराण्यात पहिल्यांदाच कॉलेजची पायरी चढलेली मुलं तिथं जास्त. लोयोला १९२५चं, जेझुइट पाद्र्यांचं, मोठं नावाजलेलं. सिनेमात या दोन कॉलेजांत हाडवैर आहे. मामींचं कॉलेजचं शिक्षण मद्रासलाच झालेलं, त्यामुळे बसमधल्या मारामाऱ्यांचं दृश्य आलं की त्या अंगावर काटा आल्यासारख्या सरसावून बसत. तिथं म्हणे कॉलेजच्या पोरांची बसच्या रूटप्रमाणे टोळी असे, त्यांचा एक म्होरक्या असे. पुढं त्याला 'रूट तला' असं नावच पडलं. तला म्हणजे डोकं, म्होरक्या. "आम्ही मुली पुढच्या दारानं चढायचा आणि खाली मान घालून बसायचा," मामी म्हणाल्या.

तर पचैयप्पाचा कार्तिक आणि लोयोलाचा अरुण. एक साधासुधा, हळवा. दुसरा बड्या बापाचा. एका दंगलीत जिवावर बेतलेलं असताना दोघांत दोस्ती होते, आणि अशी होते की कॉलेजांचं वैरसुद्धा मागं पडतं. कार्तिक झालाय विनीत. हा केरळचा, भरतनाट्यम शिकलेला, त्यामुळे त्याचं नुसतं चालणंसुद्धा बघत राहावं. अरुण झालेल्या अब्बासचा हा पहिलाच सिनेमा. मामी सांगत होत्या, हॉस्टेलवरच्या निम्म्या मुली अब्बासच्या बाजूनं होत्या. पुढं हाच अब्बास तमिळ टीव्हीवर हार्पिकच्या जाहिरातीत घरोघरचे संडास तपासत हिंडला, आणि नंतर न्यूझीलंडला जाऊन त्यानं पेट्रोल पंपावरही काम केलं. हे ऐकून आमच्या मुलींना इतकं वाईट वाटलं की सिनेमा पाच मिनिटं थांबवावा लागला! मला मात्र त्याचं कौतुक वाटलं. कष्टाची लाज कसली?

गाणी तर काय सांगू! 'कल्लूरी सालै', म्हणजे कॉलेजचा रस्ता, हे हरिहरन आणि मंडळींनी गायलेलं गाणं लागलं आणि भाषा न कळणाऱ्या आमच्या पोरी खुर्चीत बसल्या बसल्या पाय हलवायला लागल्या. उन्नीकृष्णनचं 'ओ वेण्णिला', एस. पी. बालसुब्रमण्यमच्या आवाजातलं 'एन्नै काणविल्लैये'... वाट बघणाऱ्याची तगमग त्या आवाजात अशी उतरलीय की मामींना भाषांतर करायची गरजच पडली नाही. २०२० मध्ये बालसुब्रमण्यम गेले तेव्हा मामींच्या घरी दोन दिवस हेच गाणं वाजत होतं, हे मला आता आठवलं. तेव्हा मी विचारलंही नव्हतं.

आणि मग दिव्या. तब्बू. दोघांशीही हसते, बोलते, दोघांच्याही सोबत तिला बरं वाटतं. दोघंही तिच्या प्रेमात पडतात, आणि एकमेकांना ते माहीत नसतं. जेव्हा कळतं तेव्हा जीव लावणारे हे दोस्त एकमेकांच्या उरावर बसतात. पार रक्त निघेपर्यंत. आमच्या गटातल्या मुली श्वास रोखून बघत होत्या. दोन तट पडले होते. निम्म्या कार्तिकच्या, निम्म्या अरुणच्या. पैजासुद्धा लागल्या. मी मुद्दाम काही बोलले नाही, कारण मामींनी मला शेवट आधीच सांगून ठेवला होता.

शेवटी दिव्या दोघांपैकी कुणालाही निवडत नाही. मला दोघंही हवेत, पण मित्र म्हणून, असं ती सांगते. एकाला हो म्हणून दुसऱ्याला गमवायची तिची तयारी नाही. आणि ते दोघं हे मान्य करतात. कुणी मरत नाही, कुणी कुणाला मारत नाही. तिघं मित्र राहतात. संपलं.

टीव्ही बंद झाला तरी मुली हलेनात. मग अकरावीतली एक चुणचुणीत मुलगी म्हणाली, "काकू, पण मग तिनं लग्न कुणाशी केलं?"

"ते सिनेमात नाही."

"असं कसं?" दुसरी म्हणाली. आणि तिसरी, नेहमी भिंतीला टेकून गप्प बसणारी, हळूच म्हणाली, "काकू, असं दोघांनाही नाही म्हटलेलं चालतं?"

त्या प्रश्नानं मी एकदम सत्तावीस-अठ्ठावीस वर्षं मागं गेले.

मैत्रिणींनो, आमच्या बारावीच्या वर्गात माझी एक जिवाभावाची मैत्रीण होती. एका बाकावर बसायचो, एका डब्यात जेवायचो. हुशार होती, बोलकी होती. शेजारच्या गावाहून एसटीनं यायची. त्याच एसटीत आमच्या वर्गातला एक मुलगा असायचा, तो तिला जागा धरून ठेवायचा. दुसरा एक मुलगा अर्थशास्त्रात पहिला यायचा, तो तिला वह्या द्यायचा. ती दोघांशीही मोकळेपणानं बोलायची. बस्स, एवढंच. त्या दोघांची एकमेकांशी पक्की दोस्ती होती. गॅदरिंगला दोघांनी गळ्यात गळा घालून 'मुस्तफा' म्हटलेलं मला आजही डोळ्यांसमोर दिसतं.

डिसेंबरमध्ये एका मुलानं मला एक चिठ्ठी दिली. "तिच्या वहीत ठेव," म्हणाला. कोणता मुलगा, ते मी इथं सांगत नाही. मला त्यात काही वाईट वाटलं नाही. खरं सांगायचं तर मजाच वाटली! सिनेमात नायिकेच्या मैत्रिणी करतात तसंच काहीतरी आपणही करतोय, असं वाटलं. मी ती घडी घातलेली चिठ्ठी तिच्या अर्थशास्त्राच्या वहीत सरकवली आणि तिला सांगितलंसुद्धा नाही. ती वही तिच्या आधी तिच्या भावानं उघडली.

पुढचं काय सांगायचं. दोन्ही मुलांची कॉलेजच्या फाटकासमोर मारामारी झाली. एकाचं डोकं फुटलं. तिचं नाव कॉलेजच्या मागच्या भिंतीवर कोळशानं लिहिलं गेलं. तिचे वडील माझ्या घरी आले. ओसरीवर बसले, पाणीसुद्धा घेतलं नाही. मला म्हणाले, "पोरी, तुला यातलं काही माहीत आहे का?"

मी म्हटलं, "नाही काका."

तिची बारावीची परीक्षा झाली नाही. मे महिन्यात लग्न झालं. मुलं दोघंही पुढं शिकली. त्यातला एक तर चांगल्या हुद्द्यावर आहे. दोघांची मैत्रीही पुन्हा झाली असं ऐकलं. तिला मात्र कुणीच विचारलं नाही, की बाई गं, तुला यातला कोणी हवा होता का? तिच्या वडिलांनी नाही, सरांनी नाही, मी नाही. उलट मनात कुठंतरी मलाही वाटत होतं, की दोघांशी बोलायची गरजच काय होती तिला!

आमच्या गावापर्यंत त्या सिनेमाची गाणी पोचली होती. शेवट पोचला नव्हता.

मी काही हा सिनेमा डोक्यावर घेऊन नाचत नाहीये. तब्बूसारखी अभिनेत्री असून दिव्याला स्वतःचं असं फारसं काही नाही. तिला काय व्हायचंय, तिला काय आवडतं, याचा पत्ता लागत नाही. अर्धा सिनेमा दोघं तिच्यावरून भांडतात, पण तिला विचारायचं कुणाच्या डोक्यात येत नाही. विनोदाचे प्रसंग तर आम्ही पुढं ढकलले. मामींच्या हॉस्टेलवर तेव्हा शेवटावरून दोन रात्री वाद झाला होता. बऱ्याच जणींचं म्हणणं होतं की दिग्दर्शक घाबरला, कुणाच्याच चाहत्यांना दुखवायला नको म्हणून गुळमुळीत शेवट केला. असेलही तसं. पण घाबरून का होईना, त्यानं मुलीच्या तोंडी 'नाही' ठेवलं आणि मुलांच्या तोंडी 'बरं' ठेवलं. हे दुसरं मला जास्त मोठं वाटतं.

या कदिरचा नायक तसा आधीपासूनच वेगळा. १९९१ साली त्याचा 'इदयम' आला, त्यातला मेडिकलचा विद्यार्थी तर प्रेम आहे हे सांगूच शकत नाही, सगळा सिनेमा मनातल्या मनात झुरतो. पण सगळे तमिळ नायक असे नव्हेत. मुलगी नाही म्हणते, तरी तिच्या मागं मागं फिरायचं, गाणी म्हणायची, मित्रांना घेऊन तिच्या वाटेवर उभं राहायचं, आणि शेवटी ती हो म्हणणार हे ठरलेलं. आपल्याकडच्या सिनेमांतही वेगळं काय होतं म्हणा!

१९९८ मध्ये चेन्नईतच कॉलेजच्या एका मुलीचा छेडछाडीच्या प्रकारात जीव गेला. तमिळनाडू सरकारनं त्याच वर्षी छेडछाडीविरुद्ध कायदा आणला. आणि २०१६ च्या जूनमध्ये, लोयोला कॉलेज ज्या भागात आहे त्याच नुंगमबाक्कमच्या रेल्वे स्टेशनवर, सकाळी कामाला निघालेल्या तरुण मुलीला फलाटावर लोकांदेखत कोयत्यानं मारलं. पकडलेला तरुण खटला उभा राहण्याआधीच तुरुंगात मरण पावला. पण तेव्हा तमिळ लोकांनीच आपल्या सिनेमातल्या पाठलाग करणाऱ्या नायकांबद्दल जाब विचारायला सुरुवात केली. आपण तरी कुठल्या तोंडानं दुसऱ्याला नावं ठेवायची? १९९० मध्ये उल्हासनगरला दहावीचा पेपर लिहिणाऱ्या मुलीला परीक्षेच्या वर्गात जाळलं. २०२० मध्ये हिंगणघाटला शिकवायला निघालेल्या प्राध्यापिकेला भर रस्त्यात पेटवलं. सगळीकडे पेपरात एकच शब्द, 'एकतर्फी प्रेम'. तमिळमध्येही अगदी हाच शब्द आहे, 'ओरुतलै कादल'. एका डोक्यातलं प्रेम! मामींनी त्याचा असा शब्दशः अर्थ सांगितला तेव्हा वाटलं, खरंच की, दुसऱ्या डोक्याला कुणी विचारलेलंच नसतं.

आमच्या वकीलबाईंनी मुलींना पाठ करायला लावलेली एक गोष्ट इथंही सांगते. मुलीनं स्पष्ट नको म्हटल्यावरही वारंवार मागं येणं, फोन-मेसेज करत राहणं, इंटरनेटवर तिच्यावर पाळत ठेवणं, हा २०१३ पासून गुन्हा आहे. जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत त्याचं कलम ७८. पहिल्या वेळी तीन वर्षांपर्यंत शिक्षा, पुन्हा केलं तर पाच वर्षांपर्यंत. कलम माहीत असलं तरी पोलीस स्टेशनची पायरी चढायला घरचं माणूस बरोबर लागतं, ते कुठून आणायचं हा प्रश्न निराळा.

आपल्यातल्या पुष्कळ जणींना तब्बू ठाऊक आहे ती 'अस्तित्व'मुळे. महेश मांजरेकरांचा २००० सालचा सिनेमा, मराठी आणि हिंदी असा दोन्हींत काढलेला, मराठीतला सर्वोत्कृष्ट म्हणून राष्ट्रीय पुरस्कार मिळालेला. त्यातली अदिती पंडित शेवटी भरल्या घराचा उंबरठा ओलांडून निघून जाते. तो सिनेमा मी लग्नानंतर सासूबाईंच्या शेजारी बसून टीव्हीवर पाहिला होता. दोघीही शेवटी काही न बोलता स्वयंपाकघरात गेलो होतो. 'कादल देसम'मधल्या दिव्याला बघताना मला सारखी ती अदिती आठवत होती. दिव्याला कुणी विचारलं तरी! अदितीला विचारेपर्यंत आयुष्य सरलं होतं.

त्या भिंतीला टेकून बसणाऱ्या मुलीला मी काय उत्तर दिलं? "चालतं गं," एवढंच म्हणाले. पण म्हणताना आवाज नीट निघाला नाही, आणि ते तिच्या लक्षात आलं.

रात्री मी मैत्रिणीला फोन लावला. ती दोन तालुके पलीकडे असते. नवरा भला आहे, शिवणकामाचं दुकान आहे तिचं, मुलगा एकोणीस वर्षांचा. सणासुदीला आमचं बोलणं होतं, पण त्या विषयावर कधीच नाही. मी तिला सिनेमाची गोष्ट सांगितली. सगळी, शेवटासकट. मग म्हटलं, "ऐक, ती चिठ्ठी तुझ्या वहीत मी ठेवली होती."

पलीकडे शिलाई मशीन चालू होतं ते थांबलं.

"मला माहीत होतं," ती म्हणाली. "त्या दिवशी वही तुझ्याकडेच होती. दुसरं कोण ठेवणार?"

"मग तू काकांना सांगितलं का नाहीस?"

"सांगून काय होणार होतं? तुझीही परीक्षा बुडाली असती."

मला पुढं बोलवेना. तीच म्हणाली, "तुमच्या त्या शनिवारच्या गटाला मुलगे येतात का गं?"

"नाही. मुलींचाच आहे."

"अगं, मग सिनेमा मुलींनाच दाखवून काय उपयोग? माझ्याला पाठवते मी. सुट्टीच आहे त्याला. ये-जा बसनं करेल."

पुढच्या शनिवारी तो खरंच आला. आमच्या गल्लीतले पाच जण मी ओढून आणले. दोघं मध्येच क्रिकेट खेळायला पळाले. मामींनी चहा केला आणि रिमोट पुन्हा हातात घेतला. बसमधल्या मारामारीला सगळे ओरडले, गाण्यांना शिट्ट्या पडल्या, आणि शेवट झाल्यावर गल्लीतला एक जण वैतागून म्हणाला, "हॅ! म्हणजे दोघांचाही पोपट झाला!"

सगळे हसले. मैत्रिणीचा मुलगा हसला नाही. तो टीव्हीकडेच बघत होता. मग मामींकडे वळून म्हणाला, "मामी, ती काय म्हणाली तेवढं परत लावता?"